एडिथ रिकर्ट यांचे नाव वर्गात घेतले जावे

मा. संपादक यांस,
सप्रेम नमस्कार.

आपल्या रविवार पुरवणीतील, चौदाव्या शतकातील इंग्रज कवी चॉसरच्या 'कँटरबरी टेल्स' या कथाकाव्याविषयीचा लेख वाचून आनंद झाला. मात्र या काव्याची संहिता हस्तलिखितांवरून कोणी आणि कशी सिद्ध केली, याचा त्यात उल्लेख नव्हता, म्हणून हे पत्र. एम. ए.च्या वर्गाला मी अनेक वर्षे 'टेल्स'चा 'प्रोलॉग' म्हणजे प्रास्ताविक भाग शिकवला, पण हे संपादन करणाऱ्यांपैकी एक असलेल्या एडिथ रिकर्ट यांचे नाव मीही कधी घेतले नाही, याची आता खंत वाटते.

चॉसर १४०० साली वारला. 'टेल्स'चे त्याच्या हातचे म्हणता येईल असे एकही पान आपल्यापाशी नाही. आहेत त्या ऐंशीहून अधिक हस्तलिखित प्रती, काही जवळजवळ पूर्ण तर काही दोनचार पानांचे तुकडे, आणि त्यांचे एकमेकींशी जुळत नाही. पहिलीच ओळ घ्या. कॅलिफोर्नियात असलेल्या एल्समीअर प्रतीत महिन्याचे नाव 'एप्रिल' आहे, तर वेल्समधील हेंगर्ट प्रतीत तेच 'आव्हेरिल' असे लिहिले आहे. या दोन्ही प्रती एकाच लेखनिकाच्या मानल्या जातात, तरी ही तऱ्हा! ज्ञानेश्वरीच्या पाठशुद्धीसाठी नाथांनी घेतलेले कष्ट ठाऊक असलेल्या मराठी वाचकाला या कामाचे मोल निराळे सांगायला नको.

रिकर्ट १८७१ साली अमेरिकेतील ओहायो राज्यात जन्मल्या. 'एमारे' या मध्ययुगीन पद्यकथेवर त्यांनी १८९९ साली शिकागो विद्यापीठाची डॉक्टरेट मिळवली. पुढे प्राध्यापकी सोडून त्या इंग्लंडला गेल्या आणि तेथे कथा-कादंबऱ्या लिहून त्यांनी काही वर्षे चरितार्थ चालवला. पहिल्या महायुद्धात त्या आणि प्राध्यापक जॉन मॅन्ली वॉशिंग्टनमध्ये गुप्तलिपी उकलण्याच्या खात्यात होते. एका जर्मन हेराजवळ सापडलेला सांकेतिक मजकूर दोघांनी मिळून उलगडला. अक्षराला अक्षर ताडून पाहण्याची ही सवयच पुढे चॉसरच्या कामी आली, असे मला मनापासून वाटते.

१९२४ पासून या दोघांनी सर्व ज्ञात प्रतींची छायाचित्रे मिळवण्यास सुरुवात केली आणि सहकाऱ्यांच्या मदतीने ओळीओळीचे पाठभेद कार्डांवर उतरवून घेतले. प्रत्येक प्रत कोणाच्या घरात होती, कोणाकडून कोणाकडे गेली, हेही त्यांनी धुंडाळले. आठ खंडांचा ग्रंथ १९४० साली निघाला, पण तो पाहायला रिकर्ट राहिल्या नव्हत्या. त्या १९३८ सालीच वारल्या होत्या. या संहितेवर पुढच्या अभ्यासकांनी, विशेषतः जॉर्ज केन यांनी, कठोर आक्षेप घेतले आणि त्यांतील काही रास्तही आहेत. तरीही पाठभेदांचा तो साठा बाजूला ठेवून चॉसरच्या नव्या संपादकाला पुढे जाता येत नाही.

ग्रंथाच्या शीर्षकपानावर मॅन्ली आणि रिकर्ट यांच्याबरोबर त्यांच्या सहकारी मेबल डीन आणि हेलन मॅकिंटॉश यांचीही नावे छापली आहेत, ही मला फार मोलाची गोष्ट वाटते.

आपल्या विद्यापीठांच्या अभ्यास मंडळांना माझी विनंती आहे, की 'प्रोलॉग'सोबत संहिता-संपादनासाठी निदान दोन तास राखून ठेवावेत. एल्समीअर आणि हेंगर्ट या दोन्ही प्रतींची छायाचित्रे त्या त्या ग्रंथालयांनी संकेतस्थळांवर खुली ठेवली आहेत. पहिल्या तासाला शिक्षकांनी टीपा सांगण्याआधी दोन्ही प्रतींचे पहिले पान पडद्यावर शेजारीशेजारी लावावे आणि त्या महिन्याचे नाव मुलांना स्वतः वाचायला लावावे.

आपली,
एक निवृत्त प्राध्यापिका, सातारा