अप्पा, हे आईला तुम्हीच वाचून दाखवा

तीर्थस्वरूप अप्पा आणि आई यांना साष्टांग नमस्कार.

अप्पा, पाकीट बघून दचकू नका. इकडे सगळं बरं आहे. नोकरी चाललीय, तुमची नात तिसरीत गेली. हे फोनवरही सांगता आलं असतं, पण आपल्या घरी फोन कायम स्पीकरवर, ओसरीवर कुणी ना कुणी बसलेलं, आणि आई दोन मिनिटांत "घे, तुझ्या अप्पांशी बोल" म्हणून सुटका करून घेते. म्हणून कागद. आईला वाचता येत नाही, दादा वाचायचा नाही, वहिनीला तुमच्यासमोर वाचवणार नाही. तेव्हा चष्मा लावा, आईला शेजारी बसवा आणि मोठ्यानं वाचा. तुमची सातवी तेवढ्याला पुरे. मध्ये असे शब्द येतील जे तुम्ही जन्मात तोंडातून काढले नसतील. मी नर्स, वॉर्डात ते दिवसातून पन्नासदा बोलते, जीभ झडत नाही. गाळू मात्र नका काही.

वहिनीशी बोलणं झालं. तिला रागावू नका, मीच खोदून खोदून विचारलं. येत्या बुधवारी तिला तालुक्याला न्यायचं ठरलंय, गर्भाची पिशवी काढायला. दसऱ्याच्या आत उरकलं की टाके सुकतील, ऊसतोडीच्या टोळीबरोबर जाता येईल, आणि खर्चाला मुकादम उचल, म्हणजे मजुरीची आगाऊ रक्कम, वाढवून देतोय. वहिनीचं वय एकोणतीस. तक्रार काय, तर अंगावरून पांढरं जातं, पाळीत ओटीपोटात दुखतं, कंबर धरते. सोनोग्राफीत 'सूज' निघाली. डॉक्टर म्हणाले, पुढंमागं कॅन्सर होईल. आणि आई म्हणाली, "दोन लेकरं झाली, टाक्याचं ऑपरेशन झालं, आता ती पिशवी ठिवून करायचं काय?"

आई, हेच वाक्य आजीनं तुला म्हटलेलं मी ऐकलंय. 2006 सालची गोष्ट. पट्टा पडून, हंगाम संपवून तुम्ही घरी आला होता, मी तेरा वर्षांची. तू एकतीसची होतीस. ऑपरेशन करून तू आलीस तेव्हा मी भाकरी थापत होते आणि तू भिंतीकडे तोंड करून पडली होतीस. बायका येऊन म्हणत होत्या, "सुटलीस बाई." तूही म्हणालीस, सुटले. आणि त्यात खोटं काही नव्हतं, हे मला आता कळतं. उसाच्या फडात ना संडास, ना पाणी. पाळीचं फडकं धुवायचं तर कालव्यावर, वाळवायचं तर कोपीच्या आत अंधारात, पाचटाखाली. पहाटे चारला उठून फडात, मोळी डोक्यावर घेऊन फळीवरून गाडीत चढायचं, रात्री वाहन आलं तर पुन्हा भरायला. एक दिवस बसलीस की खाडा, आणि खाड्याचे पैसे उचलीतून कापलेले. नवरा-बायको मिळून एक कोयता. त्यातली बायको आडवी झाली की नवराही बसला. महिन्याला चार दिवस असं धरलं तर सहा महिन्यांच्या हंगामात किती दिवस जातात, हे मुकादमाला तोंडपाठ असतं. तेव्हा तू 'काढून टाका' म्हणालीस, त्यात तुझी चूक झाली असं मी या पत्रात कुठंच म्हणणार नाही. मी वेगळंच सांगणार आहे.

गेल्या दिवाळीत रेशनकार्ड शोधायला मी पत्र्याची पेटी उघडली. तळाशी, आजीच्या लुगड्याखाली, दवाखान्याचं पिवळं पडलेलं डिस्चार्ज कार्ड होतं. इंग्रजीत खरडलेलं. असली कार्डं वाचण्यात माझी दहा वर्षं गेली, त्यामुळे अक्षर लागायला वेळ लागला नाही. त्यावर लिहिलंय, गर्भाशय आणि दोन्ही अंडाशय काढले.

आई, तुला कुणी सांगितलं होतं का की नुसती पिशवी नाही, दोन्ही अंडाशयंही काढलीत? अप्पा, तुम्हाला?

समजावून सांगते. पिशवीच्या दोन बाजूंना बदामाएवढी दोन अंडाशयं असतात. त्यांचं काम लेकरू होण्यापुरतं नसतं. त्यांतून जो हार्मोन निघतो तो बाईची हाडं धरून ठेवतो, हृदयाला जपतो, झोप, कातडी, मन सगळं सांभाळतो. एरवी पंचेचाळीस-पन्नाशीला पाळी हळूहळू जाते, तसा तो हळूहळू कमी होतो आणि शरीराला सवय व्हायला वेळ मिळतो. अंडाशयं काढली की तो एका दिवसात बंद होतो. एवढ्या तरुणपणी काढावीच लागली, तर डॉक्टर सहसा पुढं काही वर्षं हार्मोनच्या गोळ्या देतात. तुझ्या कार्डावर औषधं लिहिलीत ती पाच दिवसांची, जखम पिकू नये म्हणून आणि दुखण्यावर. पुढं काहीच नाही.

अप्पा, इथं पाणी प्या हवं तर, पण पुढचं वाचा.

त्याच वर्षी हंगामावर आई मार्गशीर्षाच्या थंडीत कोपीच्या बाहेर उघड्यावर निजायला लागली. अंगातून वाफा निघतात म्हणायची. तुम्ही म्हणालात, थेरं करते. मग तिची झोप गेली, चिडचिड सुरू झाली, आजीनं बाहेरचं काही असेल म्हणून लिंबू उतरवला. पुढं त्रेचाळीसाव्या वर्षी वाढ्यांचा भारा घेऊन ती बांधावरून नुसती घसरली आणि मनगट मोडलं. केवढ्याशा पडण्यानं! डॉक्टर म्हणाले हाडं ठिसूळ झालीत, आणि तुम्ही पाहुण्यांत बसून सांगितलंत, "हिला कामाचा कंटाळा." मीही तेव्हा हसले होते. नर्सिंग शिकलेली पोरगी मी, माझ्याही डोक्यात आलं नाही. आज आई पन्नाशीची आहे आणि एसटीत लोक तिला आजी म्हणून जागा देतात. आई, तुझ्यावर कुणी करणी केली नव्हती. तू कामचुकारही नव्हतीस.

मागे एक कागद टाचलेला आहे, संमतीचा. त्यावर सही तुमची आहे, अप्पा. आईचा अंगठासुद्धा नाही. तुम्हाला दोष द्यायचा म्हणून लिहीत नाही. तिथं बोट ठेवून 'इथं सही करा' म्हणाले असतील, तुम्ही केली असेल, आणि आत काय लिहिलंय ते तुम्हालाही कुणी वाचून दाखवलं नसेल. पण एक गोष्ट ऐका. दिल्लीत एका बाईला तपासणीसाठी भूल दिली होती. ती बेशुद्ध असताना बाहेर बसलेल्या तिच्या आईची सही घेऊन डॉक्टरांनी तिची पिशवी आणि अंडाशयं काढली. ती कोर्टात गेली. 2008 साली सुप्रीम कोर्टानं सांगितलं की सज्ञान, शुद्धीवर येऊ शकणाऱ्या बाईच्या वतीनं आईची संमती चालत नाही. जीव धोक्यात नसेल तर थांबायचं, तिला शुद्धीवर येऊ द्यायचं आणि तिलाच विचारायचं. जिथं जन्मदात्या आईची सही चालली नाही, तिथं नवऱ्याची किंवा सासऱ्याची कशी चालेल? बुधवारच्या कागदावर दादानं आणि तुम्ही सही करायची ठरवलीय असं कळलं. वहिनीला कुणी विचारलंय?

हे आपल्याच घरात झालं असं समजू नका. 2019 साली पेपरात, टीव्हीवर बीडची बातमी आली तेव्हा सरकारनं नीलम गोऱ्हे यांची समिती नेमली. जिल्ह्यातल्या 82,309 ऊसतोड बायकांना विचारलं, त्यांतल्या 13,861 जणींची पिशवी काढलेली निघाली. सहा बायकांत एक. आपल्या टोळीत मोजा, आई, पाण्याच्या टाकीपासून सुरू कर. मला तर तुझ्या बरोबरीच्यांत न काढलेलीच शोधावी लागते. त्या गोंधळानंतर जिल्ह्यात नियम आला की खासगी दवाखान्यानं पिशवी काढायच्या आधी सिव्हिल सर्जनची परवानगी घ्यायची. म्हणून बुधवारी त्या डॉक्टरांना एवढंच विचारा, परवानगीचा कागद कुठाय. 'ते आम्ही बघतो' म्हणाले तर उठून या.

आता कॅन्सरचं. आई, तू याच शब्दाला भ्यालीस आणि वहिनीही त्यालाच भ्यालीय. पांढरं जाणं म्हणजे कॅन्सर नव्हे. बहुतेक वेळा तो जंतूंचा त्रास असतो. फडातल्या पाण्यानं, ओल्या फडक्यानं तो बळावतो आणि औषधानं बरा होतो. काही जंतू नवरा-बायकोत फिरत राहतात, त्यासाठी गोळ्या दोघांनी घ्यायच्या असतात. दादालाही घ्याव्या लागतील कदाचित. अप्पा, हे दादाला तुम्ही सांगा, माझ्याकडून तो ऐकायचा नाही. (बायकोची पिशवी काढायला तयार होणारा माणूस सात दिवस गोळी खायला लाजतो, हे मी वॉर्डात रोज बघते.)

आणि खरंच शंका असली, तर पिशवीच्या तोंडाशी नुसता बोळा फिरवून तपासणी होते. दुखत नाही, ॲडमिट व्हावं लागत नाही. हे काही अमेरिकेतलं सांगत नाही. आपल्या शेजारच्या उस्मानाबादेत, म्हणजे आताच्या धाराशिवमध्ये, बार्शीच्या कॅन्सर हॉस्पिटलनं आणि मुंबईच्या टाटानं 30 ते 59 वयाच्या सव्वा लाखावर बायकांचे गट पाडून अभ्यास केला होता. 2009 साली त्याचा निकाल आला. ज्या गटाला एचपीव्हीची, म्हणजे हा कॅन्सर करणाऱ्या विषाणूची, तपासणी आयुष्यात फक्त एकदा मिळाली, त्या गटात या कॅन्सरचे मृत्यू जवळजवळ निम्म्यावर आले. जगभरच्या डॉक्टरांनी तो अभ्यास वाचला. आपल्या तालुक्यातल्या डॉक्टरांना तो माहीत नसेल असं मला वाटत नाही, पण तपासणीचं बिल ते किती होणार!

मी पिशवी काढण्याच्या विरोधात आहे असं समजू नका. माझ्याच हातानं मी आठवड्याला दोन-तीन बायकांना त्या ऑपरेशनसाठी तयार करते. नारळाएवढ्या गाठी, औषधाला न जुमानणारा रक्तस्राव, अंग बाहेर येणं, खरा कॅन्सर. तिथं ते काढावंच लागतं आणि बाईला खरंच आराम पडतो. पण त्याआधी आम्ही गोळ्या देऊन बघतो, तपासतो, आणि काढायचं ठरलं तरी अंडाशयं चांगली असतील तर तरुण बाईची शक्यतो ठेवतो.

आई, आता तुझ्याशी थोडं. तू मला दर दिवाळीला विचारतेस, "एकीवरच थांबलीस? पोरगं नको का?" आणि वहिनीला विचारतेस, ठिवून करायचं काय. मी दोन्ही ऐकते आणि मला वाटतं, आपल्याकडे पिशवी लेकरं होईपर्यंत सगळ्या घराची असते, सासूची, नवऱ्याची, भावकीची, आणि लेकरं झाली की कुणाचीच नसते, अडगळ. मध्ये कधीतरी ती त्या बाईची असते का? तुझं लग्न चौदाव्या वर्षी झालं, सोळाव्या वर्षी दादा झाला. तुला कुणी विचारलं नाही कधी होऊ द्यायचं आणि कधी काढायची. मला एकच मुलगी हवी होती, मी तिच्यावर थांबले. हे करायला मला नोकरी लागली, शहर लागलं, आणि तू मला आजीकडे ठेवून शाळेत घातलंस ते लागलं. फडावर नेलं असतंस तर सतराव्या वर्षी मीही अर्धा कोयता झाले असते. ते मी विसरलेले नाही.

म्हणून काय करायचं ते लिहिते. वहिनीला बुधवारी तिकडे न नेता मंगळवारी रात्रीच्या गाडीनं माझ्याकडे पाठवा. दादा आला तर उत्तम, नाही तर आई, तू ये. सोनोग्राफीचा कागद, आधी खाल्लेल्या गोळ्यांची रिकामी पाकिटं आणि आधारकार्ड पिशवीत घाला. आमच्या मॅडमना मी विचारून ठेवलंय, त्या गुरुवारी बघतील. तपासून त्याही 'काढा' म्हणाल्या आणि वहिनीला पटलं, तर मी स्वतः तिच्याजवळ थांबेन. मुकादमाची वाढीव उचल घेतली असेल तर परत करा. जे खर्च झालेत तेवढे मी महिनाअखेर पाठवते. हंगाम बुडेल म्हणून भिऊ नका, औषधं चालू असताना माणूस ऊस तोडू शकतो. उलट ऑपरेशन झालं आणि पुढं जड उचलू नये म्हटलं, तर ते मात्र तुमच्याकडून होणार नाही, मला माहीत आहे.

आई, तूही येच. तुझ्या हाडांची तपासणी करायचीय. उशीर झालाय पण काही गोळ्या, कॅल्शियम, थोडं ऊन, एवढं अजून करता येतं. मनगट पावसाळ्यात ठणकतं म्हणतेस ना, तेही दाखवू. लेकरांना दोन दिवस अप्पांकडे ठेवा. अप्पा, भाकरी येत नसेल तर खिचडी लावा, कुकरच्या तीन शिट्ट्या पुरतात.

आणि ते पिवळं कार्ड येताना घेऊन ये. आजीच्या लुगड्याखालीच ठेवलंय मी, होतं तिथं.

तुमची,
लेक