काकू, हेच ना?

तिसऱ्या मजल्यावरच्या माझ्या गुणी मुली,

समोर सांगायला गेले की घसा दाटतो, म्हणून लिहिते आहे.

दादा जाऊन वर्ष होत आलं. मागे राहिल्या त्याच्या प्लेस्टेशनच्या 22 डिस्क, खालून काळ्या कुळकुळीत. चरईतल्या आमच्या दोन खोल्यांत 'रिज रेसर' लागला की आई ओरडायची, आवाज कमी करा! तो गेम एकदा मेमरीत लोड झाला की डिस्क काढून गाण्यांची सीडी घातली तरी शर्यत चालायची. दादा भावगीतं लावून गाडी पळवायचा.

डिस्क खराब होण्याआधी जपाव्यात म्हणून आधी ठाण्यातल्याच एका दुकानात दिल्या. त्यांनी पैसे मोजून घेतले आणि 'जागा वाचवली' म्हणत आयएसओ फाइली, म्हणजे डिस्कच्या संगणकावरच्या नकला, हातात ठेवल्या. गाड्या धावल्या, पण संगीत गायब. विचारलं तर, "जुना गेम आहे, चालतोय ना?" अजून आठवलं की चीड येते. गाणी वेगळ्या ऑडिओ ट्रॅकमध्ये असतात आणि आयएसओत फक्त डेटा येतो, हे मला तुझ्याकडून कळलं. येत नसेल तर नाही म्हणायला माणसाचं काय जातं?

तू ऐन परीक्षेत सगळ्या डिस्क नव्याने उतरवल्यास आणि त्यांच्या सीएचडी केल्यास, म्हणजे गाण्यांसकट अख्खी डिस्क दाबून लहान केलेल्या फाइली. 11 जीबीचे 7 झाले, पण हरवलं काहीच नाही. परत उलगडून मूळ फाइलींशी ताडूनही पाहिलंस. तिथे काम संपलं होतं. तरी मला वर बोलावलंस, हेडफोन ओढणीला पुसून माझ्या हातात दिलास आणि म्हणालीस, "काकू, ट्रॅक दोन ऐका. हेच ना?"

हेच गं. पहिल्या ठोक्यालाच आमची खोली उभी राहिली. मी रडले. तू पाणी आणायला धावली नाहीस, समजूतही घातली नाहीस. ट्रॅक संपेपर्यंत शेजारी नुसती बसून राहिलीस. मूळ फाइली पुसल्यास त्या मी हो म्हटल्यावरच. दुसऱ्याच्या वस्तूला इतकं विचारून हात लावणारी माणसं शेजारी राहतात, याचाच मला केवढा आधार वाटतो.

पैसे तू घेणार नाहीस. रविवारी मात्र ये, साबुदाणावडे करते आहे. दादाचा कंट्रोलर पुसून ठेवलाय. पहिली शर्यत तुझी.

तुझी,
खालच्या मजल्यावरची काकू