सातव्या वेळी

चि. निनाद,
अनेक आशीर्वाद.

व्हिडिओ पाहिला. खुर्चीवर बसून पोहे खातोस, खुर्चीचा पाय तूच करवतीने कापतोस, पडतोस, की दुसरी खुर्ची. बाबा खो खो हसले. तिसऱ्यांदा पडल्या-पडल्या लिंबू पिळून घेतलंस तेव्हा मलाही हसू आवरेना. सहा वेळा लगेच उठलास. सातव्या वेळी मात्र किती वेळ उठलाच नाहीस. बाबा म्हणाले, "अगं, तेच तर नाटक आहे." असेल. मला कळत नाही असं समजू नकोस. शिमग्यात संकासुराला भिऊन पळणारी आणि पळताना हसणारी पोर होते मी.

तू सांगितलंस म्हणून त्या मुद्दाम पडून फिल्म करणाऱ्या डच कलाकाराबद्दल, बास यान आडरबद्दल वाचलं. १९७० साली कॅलिफोर्नियात स्वतःच्या घराच्या छपरावर खुर्ची टाकून बसला आणि गडगडत खाली आला. त्याच वर्षी तुझ्या ॲमस्टरडॅममध्ये सायकलसकट कालव्यात. इथवर ठीक. पण १९७५च्या जुलैत साडेबारा फुटी होडीतून एकटा अटलांटिक ओलांडायला निघाला, हे तू सांगितलं नव्हतंस. पुढच्या एप्रिलात आयर्लंडच्या बाजूला होडी सापडली, तो नाही. ३३ वर्षांचा. वडिलांनी ज्यूंना आसरा दिला म्हणून नाझींनी त्यांना १९४४ मध्येच गोळ्या घातल्या होत्या. म्हणजे आईनेच वाढवलं असणार. तुमच्या वर्गात कुणी तिचं नाव तरी काढतं का रे?

आणि आता तू म्हणतोस, जानेवारीत तूही सायकलसकट उडी घेणार. त्या कालव्यांतून दरवर्षी हजारो बुडालेल्या सायकली काढतात म्हणे. खाली कशावर आपटशील, सांगता येतं का? गार पाण्यात आधी दम कोंडतो, मग पोहणं आठवतं. कुणीतरी काठावर दोर घेऊन उभं हवंच, आणि ते कॅमेरा धरणारं नको. झालं, सुरू झालं माझं. रागावू नकोस. कुडाळच्या काकूंना व्हिडिओ मीच पाठवलाय, 'आमच्या निनादचं काम' असं लिहून. त्यांनी विचारलं, पोहे वाया का घालवले.

नानांच्या तेराव्याला तू माडीच्या जिन्यावरून गडगडत आलास, आठवतं? चार वर्षांचा होतास. उठलास आणि हसलास. मग सगळं घर हसलं, तेरा दिवसांत पहिल्यांदा. माईसुद्धा. तू परत वर जाऊन पुन्हा पडायला निघालास, तेव्हा मी धरलं. कोपर मोडलंय हे दुसऱ्या दिवशी कळलं, वरणभात डाव्या हाताने खायला लागलास तेव्हा.

मेतकूट आणि कुळथाचं पीठ पाठवलंय. पिठाची पिशवी फुटली असेल तर डब्यात काढ.

व्हिडिओ मी पुन्हा पाहिला, बाबा झोपल्यावर. सातव्या वेळी उठलास आणि उरलेले पोहे डाव्या हाताने खाल्लेस. बाबांच्या ते लक्षात आलेलं नाही, मीही बोलले नाही. रविवारी फोन करशील तेव्हा बाही वर करून बस.

तुझी,
आई