पिस्ता नको, हेझलनट घे

चि. मनूस,
अनेक आशीर्वाद.

काल रात्री तुझा मेसेज वाचला आणि झोपच उडाली. फोन केला असता तर माझा आवाज चढला असता, म्हणून पहाटे उठून लिहायला बसलोय. आई म्हणाली, "रेसिपी लिहा, बाकी काही लिहू नका." तसंच ठरवलंय.

पण आधी एक सांगतो. पिस्त्याचं ते इटालियन आइस्क्रीम, जेलाटो, करू नकोस. तू लिहिलंयस, "मला ॲलर्जी काजूची आहे, पिस्त्याची नाही." अगं, काजू आणि पिस्ता एकाच कुळातले. त्यांची प्रथिनं इतकी सारखी की ज्याला काजू बाधतो त्याला बहुतेक वेळा पिस्ताही बाधतो. भाजून ती जातील यावर विसंबता येत नाही आणि गोठवून तर जातच नाहीत. "चमचाभर चाखून बघते" हे तर मुळीच नको. असलं चाखून बघणं डॉक्टरांच्या समोर, एकटीने खोलीवर नाही.

झालं. आता रेसिपी.

हेझलनट तुला चालतो, तपासणीतही काही निघालं नव्हतं आणि इतकी वर्षं तू खातेच आहेस. १२० ग्रॅम घे, सालीसकट. पाकिटावरची बारीक अक्षरं मात्र वाच, पुष्कळदा सगळा सुकामेवा एकाच यंत्रावर भरलेला असतो. ओव्हनमध्ये १६० अंशांवर १२ ते १५ मिनिटं भाज. साल तडकली की सुती फडक्यात गुंडाळून खसाखसा चोळ. थोडी साल राहिली तरी चालेल. कोमट असतानाच मिक्सरला लाव. आधी भरड होईल, मग त्याचा गोळा होऊन कडेला चिकटून बसेल. इथे हात दुधाकडे जातो. घालू नकोस. कडा खरवड, मिक्सर तापला असेल तर निवू दे, परत फिरव. एका क्षणी तेल सुटतं आणि तो हट्टी गोळा एकदम सैल होऊन चमच्यावरून धारेने पडायला लागतो. तो क्षण आला की समज, निम्मं काम झालं.

मिक्सर कुणाचा आहे? मैत्रिणींचा असेल तर त्यात आधी काय वाटलं होतं ते विचार. झाकणाचं रबर काढून, पात्याच्या खालून, साबणाने घासून धू. नुसतं विसळून भागत नाही.

५०० मिली दूध, १५० मिली क्रीम, ११० ग्रॅम साखर, चमचाभर मध, दोन मोठे चमचे दुधाची पावडर. थोडं दूध बाजूला काढून त्यात दीड मोठा चमचा कॉर्नफ्लोअर कालव. बाकीचं तापव, कालवलेलं ओत आणि मंद आचेवर ढवळत राहा. चमच्याच्या पाठीवर बोट ओढल्यावर रेघ राहिली की उतरव. अंडी नकोत, सिसिलीतही असंच पिठावर करतात. पेस्ट आणि चिमूटभर मीठ घालून एकजीव कर आणि रात्रभर फ्रीजमध्ये ठेव. साखर कमी करायचा मोह होईल, पण साखरेमुळेच ते दगडासारखं गोठत नाही.

मशीन नाही म्हणून अडत नाही. मशीन गोठवणं आणि ढवळणं एकदम करतं, आपण ते आळीपाळीने करायचं. पसरट धातूचा ट्रे आधी फ्रीझरमध्ये गार कर, त्यात पातळ थर ओत. पाऊण तासाने कडा धरतात, त्या काट्याने मोडून मध्ये आण. मग दर अर्ध्या तासाने, पाच-सहा वेळा. पाणी सावकाश आणि निवांत गोठलं की त्याचे मोठे खडे होतात, ते लहान असतानाच मोडायचे. फेटू नकोस, जेलाटोत साध्या आइस्क्रीमपेक्षा हवा कमीच हवी.

तू उलट्या बादलीवर बसायचीस, आठवतं? सात वर्षांची होतीस. गजर झाला की मला उठवायला तूच यायचीस, हातात काटा. बाहेरच्या कुठल्याही डब्यावर माझा विश्वास उरला नव्हता, म्हणून हे सगळं शिकलो. त्याच्या आदल्या वर्षीचा तो वाढदिवस. अर्धी कुकी खाल्लीस आणि माझी बाही ओढून म्हणालीस, "बाबा, घशात काहीतरी अडकलंय." आवाज तुझा नव्हता. खरखरीत, कुणा म्हाताऱ्या बाईसारखा. ओठ माझ्या डोळ्यांदेखत सुजत गेले. मी तुला उचलून धावलो आणि आत्या पाणी घेऊन मागे धावत होती. तो आवाज मला अजून ऐकू येतो गं.

म्हणून त्या दिवशी निघताना तिसऱ्यांदा तुझी बॅग उघडली. सगळ्यांसमोर उघडायला नको होती. तू "बाबा, बस!" म्हणालीस ते बरोबरच होतं. चुकलं माझं. इंजेक्शनचं पेन कसं वापरायचं हे तू मैत्रिणींना दाखवलंस, असं आईकडून कळलं. मला केवढं बरं वाटलं! मी वीस वर्षांचा असताना माझी अडचण चार लोकांत सांगू शकलो नसतो.

पण लिहितो आहेच तर. घसा आवळला, श्वास लागला, तर आधी पेन, मांडीच्या बाहेरच्या बाजूला, मग लगेच ॲम्ब्युलन्स. खाजेच्या गोळीवर थांबायचं नाही. आडवं पडायचं, श्वास लागत असेल तर बसून राहायचं, पण उठून चालायचं नाही. बरं वाटलं तरी दवाखान्यात जायचंच, काही तासांनी पुन्हा उलटू शकतं. हे तुला पाठ आहे, मला माहीत आहे. आई मागून वाचते आहे आणि तिने कपाळावर हात मारला.

खायच्या आधी दहा मिनिटं बाहेर काढ. फार गार असलं की जिभेला चवच कळत नाही. आणि पाहुण्यांतही कुणाला काय चालत नाही ते आधी विचार.

फोटो पाठव. पहिल्यांदाच तू माझ्याशिवाय करणार आहेस.

पेनवरची तारीख बघून कळव. नुसता महिना आणि वर्ष.

तुझा,
बाबा