समोरच्या बाजूच्या वकील मॅडमना

मॅडम, सप्रेम नमस्कार.

आभार मानायचे ते आपल्या वकिलाचे, अशी रीत. कराडच्या कोर्टातल्या त्या अपिलात वडील अपीलदार होते आणि तुम्ही चुलत्यांच्या बाजूने उभ्या होतात. तरी हे पत्र तुम्हाला, आणि तेही उघड. कारण तडजोड म्हणजे वकिलांनी आपसांत गुंडाळलेली केस, असं आमच्या भावकीत अजून काही जण पारावर बसून सांगतात.

भांडण बांधाचं, सामाईक विहिरीचं आणि उसाची ट्रॉली बाहेर काढायच्या वाटेचं. खालच्या कोर्टाने पाण्यात निम्मा हिस्सा दिला, वाट नाकारली. आम्ही अपील केलं, त्यांनी क्रॉस ऑब्जेक्शन घातलं, म्हणजे त्याच अपिलात खालच्या निकालाला आपलीही हरकत नोंदवली. मधेच चुलते वारले, वारस दाखल झाले, तारखा चालूच. प्रकरण मध्यस्थीला गेलं तोवर दोन्ही घरं इतकी थकली होती की पुढे येईल त्या कागदावर सही केली असती. तुम्ही ती करू दिली नाहीत.

पहिला मसुदा एका पानाचा होता. चुलत्यांकडच्यांनी वाट द्यायची, बदल्यात आम्ही दुसऱ्या गटातले 2 गुंठे द्यायचे. तुमच्या पक्षकाराला तर जमीन मिळत होती! तरी तो मुद्दा तुम्हीच खोडलात. ते 2 गुंठे दाव्यातल्या मिळकतीत नव्हते, म्हणजे नोंदणी आली. आणि एवढ्याशा तुकड्याला तुकडेबंदी, म्हणजे शेतीचे फार लहान तुकडे पाडायला मनाई करणारा कायदा, आडवी येणार. ‘तडजोडीच्या हुकूमनाम्यावर अपील नसतं. आत्ता राहिलं ते राहिलं,’ असं तुम्ही दोन्ही बाजूंना बजावलंत. मग बांधाच्या दोन्ही अंगांनी सहा-सहा फूट सोडून 12 फुटांची वाट ठरली. मालकी ज्याची त्याची, वहिवाट दोघांची. मोजणीच्या खुणांसह नकाशा पुरसीसला, म्हणजे कोर्टात द्यायच्या तडजोडीच्या लेखी निवेदनाला, जोडल्याशिवाय तुम्ही पुढे सरकला नाहीत.

पाण्याचं श्रेय थोडं चुलतीलाही द्यायला हवं. मसुद्यात पाळ्या वारांवर वाटलेल्या होत्या. चुलती इतका वेळ पदर सावरत गप्प बसली होती, ती एकदम म्हणाली, ‘आन् रातीची लाईट कुणाच्या वाट्याला?’ शेतीची वीज काही दिवस दिवसा येते, काही दिवस रात्री. वार धरले असते तर एका घराने कायम अंधारात पाण्याची दारं धरली असती. खोलीत वकील, मध्यस्थ, आम्ही सगळे शिकलेले, आणि हे कुणाच्या डोक्यात आलं नव्हतं. तुम्ही हसलात, पेन उघडलंत आणि दिवसाच्या पाळ्या निम्म्या, रात्रीच्याही निम्म्या असं कलम तिथंच लिहिलंत. मोटर जळाली, गाळ काढायचा झाला तर खर्च निम्मा-निम्मा, हेही.

पण खरे आभार आहेत ते पुतण्यासाठी. एक चुलतभाऊ आधीच गेलेला, त्याचा मुलगा कायद्याच्या भाषेत अज्ञान, म्हणजे वयात न आलेला, त्याच्या वतीने आईची सही पुरेल असं आम्ही सगळे धरून चाललो होतो. तुम्ही दिवाणी प्रक्रिया संहितेतला आदेश 32, नियम 7 पुढे ठेवलात. अज्ञानाच्या वतीने तडजोड करायला कोर्टाची परवानगी लागते. त्याच्या आईचं प्रतिज्ञापत्र लागतं आणि तडजोड मुलाच्या हिताची आहे असं त्याच्या वकिलाने स्वतः लिहून द्यावं लागतं. म्हणजे तुम्ही. त्या सहीआधी तुम्ही बांधावर आलात, चपला हातात घेऊन चिखलातून विहिरीपर्यंत गेलात आणि वाटेमुळे मुलाच्या वाट्याचं किती क्षेत्र अडतं ते विचारलंत. फी तुम्हाला त्यांची होती, पण त्या परवानगीने आम्हीही वाचलो. ती नसती तर पोरगा वयात आल्यावर सगळी तडजोड उलटवायला मोकळा होता.

आता घरची खबर. हुकूमनाम्याची नक्कल तलाठ्याकडे दिली आहे. सातबाऱ्याच्या ‘इतर हक्क’ रकान्यात विहिरीच्या हिश्श्याची नोंद झाली, वाटेची व्हायची आहे. मोटर एकदा जळाली. रिवाइंडिंगचे निम्मे पैसे दुसऱ्या चुलतभावाने दुसऱ्याच दिवशी आणून दिले, पावती मात्र मागून घेतली. बोलणं अजून कामापुरतंच आहे. वडील त्यांच्या ओट्यावर जात नाहीत, चुलती आमच्याकडे हळदीकुंकवाला येऊन गेली.

वाटेची नोंद झाली की सातबाऱ्याची एक प्रत तुमच्या ऑफिसात आणून देईन. चुलतभावाला सोबत आणायचा विचार आहे, तो येईलच असं नाही.

आपला,
अपीलदारांचा मुलगा