ग्योझाच्या कृतीतील राहिलेला मुद्दा

महोदय,

आपल्या पाककृतींच्या सदरातील ग्योझाच्या (सारण भरलेल्या, करंजीसारख्या जपानी पदार्थाच्या) कृतीत पाणी केव्हा घालावे हे सांगायचे राहिले आहे, आणि घरी करणाऱ्याची फसगत नेमकी तेथेच होते. तेलावर ग्योझाचे बूड सोनेरी झाल्यावर थोडे पाणी ओतून लगेच घट्ट झाकण ठेवावे. वाफेने पारी व सारण शिजते, आणि पाणी आटल्यावर झाकण काढून थोडा वेळ तसेच ठेवले असता बूड पुन्हा कुरकुरीत होते. मध्येच उलटण्याचा मोह टाळावा. सारणातील कोबीला मीठ लावून तो पिळला नाही, तर पारी ओली होऊन फाटते. दुसऱ्या महायुद्धानंतर मांचुरियातून (ईशान्य चीनमधून) परतलेल्या जपानी लोकांमुळे हा मूळचा चिनी पदार्थ जपानभर रुजला. सोबत सोया सॉस व तांदळाचे व्हिनेगर पुरे. केचप मात्र नको.

— एक वाचक