डेनिस लॉ आणि टाचेचा तो गोल

मा. संपादक महोदय,
स. न. वि. वि.

स्कॉटलंडचा संघ १९९८ नंतर प्रथमच फुटबॉलच्या विश्वचषकासाठी पात्र ठरला, त्या निमित्ताने आपल्या क्रीडा पानावर त्या देशाच्या जुन्या खेळाडूंची ओळख करून देणारा लेख प्रसिद्ध झाला. लेख आवडीने वाचला, परंतु डेनिस लॉ यांच्या वाट्याला त्यात एकच वाक्य आले आहे, आणि तेही असे की, ज्या मँचेस्टर युनायटेडकडून ते अकरा हंगाम खेळले, त्याच संघाला त्यांनी टाचेने मारलेल्या गोलने दुसऱ्या श्रेणीत ढकलले. हे वाक्य वस्तुस्थितीला धरून नाही, म्हणून हे पत्र.

२७ एप्रिल १९७४ रोजी युनायटेडच्याच ओल्ड ट्रॅफर्ड मैदानावर त्याच शहरातल्या मँचेस्टर सिटी संघाकडून खेळताना, सामना संपायला थोडा वेळ उरला असता, लॉ यांनी गोलकडे पाठ असतानाच टाचेने चेंडू जाळ्यात सरकवला. प्रेक्षक मैदानात घुसल्यामुळे सामना अर्धवट थांबवावा लागला आणि १-० हाच निकाल ग्राह्य धरण्यात आला. इथपर्यंत सारे खरे आहे. मात्र त्या काळी विजयाला दोनच गुण मिळत, हे लक्षात घेऊन त्या हंगामाचा गुणतक्ता पाहावा. युनायटेडचे अखेरीस ३२ गुण झाले. सिटीविरुद्धचा हा आणि त्यानंतरचा स्टोकविरुद्धचा, असे दोन्ही सामने त्यांनी जिंकले असते तरी ते ३६ गुणांपर्यंतच पोहोचले असते, आणि बर्मिंगहॅमने त्याच दिवशी नॉर्विचला हरवून ३७ गुण गाठले होते. त्या वर्षी तळाचे तीन संघ खाली जाणार होते. म्हणजेच लॉ यांचा पाय त्या चेंडूला लागला नसता, तरी युनायटेडची घसरण टळणार नव्हती.

मैदानावर उभ्या असलेल्या लॉ यांना अर्थातच हा हिशेब त्या क्षणी ठाऊक नव्हता. गोल केल्यावर बाहीचे टोक मुठीत धरून हात उंचावणे ही त्यांची ओळख. पण त्या दिवशी सहकारी भोवती गोळा झाले, तरी ते मान खाली घालून उभे राहिले आणि लगेचच त्यांच्या जागी दुसरा खेळाडू आला. लीगमधला तो त्यांचा शेवटचा सामना ठरला. एवढ्या मोठ्या कारकिर्दीचा शेवट असा झाला याची हळहळ वाटते, आणि न केलेल्या अपराधाचे ओझे आज, त्यांच्या मृत्यूनंतरही, त्यांच्या नावावर टाकले जाते, हे मला अन्यायाचे वाटते.

लॉ यांचा जन्म १९४० साली ॲबर्डीनमध्ये, मासेमारीच्या बोटीवर काम करणाऱ्या बापाच्या पोटी झाला. सात भावंडांत ते सर्वांत धाकटे. डोळ्यात तिरळेपणा असल्याने लहानपणी एक डोळा मिटून खेळणारा हा किडकिडीत मुलगा पंधराव्या वर्षी इंग्लंडमधल्या हडर्सफील्ड संघात गेला. तिथे त्याच्या डोळ्यावर शस्त्रक्रिया झाली आणि प्रशिक्षक बिल शँक्ली यांच्या हाताखाली, वयाच्या सोळाव्या वर्षी, २४ डिसेंबर १९५६ रोजी त्याने पहिला लीग सामना खेळला. पुढे मँचेस्टर सिटीने त्यांच्यासाठी ५५,००० पौंड मोजले, इटलीच्या तोरिनोने १,१०,००० आणि १९६२ मध्ये प्रशिक्षक मॅट बझबी यांच्या युनायटेडने १,१५,०००. सिटीच्या पहिल्या मुक्कामातील एक प्रसंग फारसा सांगितला जात नाही. जानेवारी १९६१ मध्ये एफए चषकात ल्यूटनविरुद्ध त्यांनी एकट्याने सहा गोल केले, संघ ६-२ असा पुढे होता, आणि पावसाने मैदानात पाणी साचल्याने सामनाच रद्द झाला. तो पुन्हा खेळवला गेला तेव्हा सिटी ३-१ असा हरला. सिटीचा तो एकमेव गोलही लॉ यांचाच.

युनायटेडसाठी ४०४ सामन्यांत २३७ गोल, त्यांपैकी १९६३-६४ या एकाच हंगामात ४६. उंची जेमतेम पावणेसहा फूट असूनही धिप्पाड बचावपटूंच्या डोक्यावरून हेडर मारण्यात त्यांचा हात धरणारा कोणी नव्हता. युरोपातील वर्षातल्या सर्वोत्तम खेळाडूला दिला जाणारा बॅलन डी'ओर हा पुरस्कार १९६४ साली त्यांना मिळाला आणि तो मिळवणारे ते आजवरचे एकमेव स्कॉटिश खेळाडू आहेत, याचा लेखात उल्लेखही नसावा याचे मला सर्वाधिक आश्चर्य वाटले. १९६८ मध्ये युनायटेडने पोर्तुगालच्या बेनफिकाला हरवून युरोपियन चषक जिंकला, तेव्हा गुडघ्याच्या दुखण्यामुळे लॉ रुग्णालयात होते.

लेखाचा विषय स्कॉटलंड होता, म्हणून हेही नोंदवायला हवे की त्यांनी देशासाठी ५५ सामन्यांत ३० गोल केले. हा विक्रम त्यांच्या आणि केनी डॅलग्लिश यांच्या नावावर आहे. डॅलग्लिश यांना तेवढ्याच गोलांसाठी १०२ सामने लागले. १९६७ मध्ये वेम्बलीवर जगज्जेत्या इंग्लंडला स्कॉटलंडने ३-२ असे नमवले, त्यातला पहिला गोल लॉ यांचा होता. विश्वचषकात त्यांना एकच सामना मिळाला, १९७४ मध्ये झाईरविरुद्ध, तोही चौतिसाव्या वर्षी.

२०२१ मध्ये आपल्याला स्मृतिभ्रंशाने ग्रासल्याचे त्यांनी स्वतः जाहीर केले आणि १७ जानेवारी २०२५ रोजी ते गेले. आता आपली बाजू मांडायला ते नाहीत. म्हणून विनंती एवढीच की आपण दुरुस्ती छापावी आणि तिच्यासोबत १९७३-७४ च्या गुणतक्त्यातल्या तळाच्या चार ओळीही द्याव्यात: बर्मिंगहॅम ३७, साउदॅम्प्टन ३६, मँचेस्टर युनायटेड ३२, नॉर्विच २९.

आपला,
एक नियमित वाचक, कोल्हापूर